भुजंग वकिलाचं अक्षर

परभणीच्या मोंढा बाजारात त्या काळी कुणालाही विचारा, विक्रीकराची नोटीस आलीय, आता कुणाकडं जाऊ? विचारलेला माणूस तोंडातली सुपारी गालात सारायचा आणि एकच नाव सांगायचा, भुजंग वकील. अडत्या असो, जिनिंगवाला असो की किराण्याचा ठोक दुकानदार असो, नाव तेच. आणि हे नाव कानावर पडलं की जिल्हा परिषदेतल्या तात्याराव कारकुनाचा चहा कडू व्हायचा. अहो, कितीही साखर घाला, कडू ते कडूच!

तसं बघितलं तर भुजंग आणि तात्याराव एकाच गल्लीतले, झरीचे. भुजंगाची माय तो रांगत होता तेव्हाच गेली. बाप सटवाजी दिवसभर गावकीच्या कामात. मग पोराला भाकरी कुणी घालायची? तात्यारावाची आई चतुराबाई घालायची. एका ताटात दोघं जेवले, एका वर्गात दोघं शिकले. त्यात तात्याचं अक्षर असं सुरेख, की मास्तर पाटी उचलून सगळ्या वर्गाला दाखवायचे. भुजंगाची पाटी बघून मात्र विचारायचे, ‘काय रे, कोंबडी नाचली का हिच्यावर?’ वर्ग हसायचा, तात्या सगळ्यात मोठ्यानं हसायचा, आणि भुजंगसुद्धा हसायचा. हे हसणंच तात्याला पुढं जन्मभर आठवत राहिलं. आपण वरचढ होतो तो काळ माणूस विसरत नाही हो.

छप्पन साली दीक्षा झाली. जुनेजाणते सिताराम बाबा नागपूरला जाऊन आले आणि त्यांनी झरीतल्या आपल्या वस्तीला सांगितलं, की घरातले देव बाहेर काढा. घराघरातून देवांचे टाक, मूर्ती, परड्या निघाल्या, टोपल्यात भरल्या आणि नदीला गेल्या. चतुराबाईनंही टोपली दिली. तात्या आणि भुजंग तेव्हा औरंगाबादला कॉलेजात होते. सुटीत आले तेव्हा देवळी रिकामी होती आणि तिथं बाबासाहेबांची तसबीर होती. दोघांनाही लई अभिमान वाटला.

पुढं दोघं वकिलीला बसले. एक वर्ष झालं आणि तात्याला कारकुनाची नोकरी लागली. सरकारी नोकरी! झरीत पेढे वाटले गेले. तात्यानं पुस्तकं बांधून ठेवली आणि भुजंगाला म्हणाला, ‘तू बी अर्ज टाक. वकिली करून काय खाशील, कागद?’ भुजंग ऐकेना. पास झाला, परभणीच्या कचेरीत काळा कोट घालून उभा राहिला, आणि खरोखरच त्याच्यावर कागद खायची वेळ आली. येणारी पक्षकार मंडळी सगळी आपलीच, वस्तीतली. त्यांच्याकडून काय घेणार? बाकीचे वकील त्याच्या बाकड्यावर बसायचे नाहीत. तेव्हा दर शनिवारी त्याला चहा-भजी खाऊ घालणारा एकच माणूस होता, तात्याराव. खोटं कशाला सांगू, त्या दिवसात तात्यासारखा दिलदार दोस्त शोधून सापडला नसता. दुसऱ्याच्या कठीण काळात दिलदार होणं तसं सोपंच असतं म्हणा.

मग बन्सीधर शेठचं प्रकरण निघालं. शेठची सरकीची तेलगिरणी. ढेपीच्या वाघिणी, म्हणजे मालगाडीचे डबे, पिंगळीच्या स्टेशनातून भरून आंध्रात जायच्या. विक्रीकर खातं म्हणालं, माल इथंच विकलाय, इथला पूर्ण कर भरा, वर दंड भरा. शेठ चार मोठ्या वकिलांकडं फिरला. ते शेतीच्या तंट्यातले आणि खुनाच्या खटल्यातले मोठे लोक. ते म्हणाले, हे मुनिमाचं काम, आमी वकील हाव. कुणीतरी थट्टेनं बोट दाखवलं, तो बघा, तो कोपऱ्यात बसलेला, त्याला काही काम न्हाई. शेठ पण असा घायकुतीला आलेला, की खरंच गेला.

भुजंगानं प्रकरण घेतलं आणि पिंगळीला जाऊन मुक्काम ठोकला. मालधक्क्यावर हमालांबरोबर बसला, स्टेशन मास्तरकडच्या बिलट्या, म्हणजे मालाच्या पावत्या, चाळल्या. मालाचा सौदा आधी आंध्रातल्या व्यापाऱ्याशी झाला होता, आणि त्या सौद्यापायीच वाघिणी राज्याबाहेर निघाल्या होत्या. म्हणजे विक्री इथली नव्हेच! एवढंच सिद्ध करायचं होतं. पण अपील लिहायचं कुणी? भुजंगाचं अक्षर तर ते तसलं. टाइप करून घ्यायला त्याच्या खिशात दमडी नव्हती आणि शेठकडं मागायची लाज वाटत होती.

‘तात्या, तेवढं लिहून देतोस का?’ भुजंग म्हणाला.

तात्यानं लिहून दिलं. हापीस सुटलं की सायकल मारत भुजंगाच्या खोलीवर जायचा, हिरव्या टोपणाच्या पेनात शाई भरायचा आणि भुजंग सांगेल तसं लिहायचा. ओळीत ओळ, मोत्यासारखी. औरंगाबादला अपील चाललं आणि भुजंग जिंकला. परत आला तो एस्टीतून उतरून थेट तात्याच्या घरी. ‘साहेब म्हणाले, कुणी लिहिलंय हे? वाचतच राहावं वाटतं!’ हे भुजंगानं चतुराबाईसमोर, तात्याची बायको सुलाबाई हिच्यासमोर, अगदी आनंदानं सांगितलं. तात्यानं मनातल्या मनात हिशेब केला, की अर्धी जीत आपली. मला विचाराल तर त्यानं अर्ध्याहून जरा जास्तच धरली.

त्यानंतर भुजंगाकडं मोंढा लोटला. एक आला, दुसरा आला, गंगाखेडहून आले, सेलूहून आले. तात्या लिहीत राहिला. आणि एका संध्याकाळी तो खोलीवर गेला तर टेबलावर टाइपरायटर! काळा, चकचकीत. समोर टाइपिस्ट बसलेला, खटाखटा बोटं चालवतोय.

‘तात्या, बघ!’ भुजंग हरखून म्हणाला. ‘आता तुला तरास न्हाई. रोज सायकल मारत येतोस, मला बरं वाटत न्हवतं.’

तात्या हसला. ‘झकास केलंस,’ म्हणाला. आणि घरी येऊन भिंतीकडं तोंड करून झोपला. सुलाबाईनं जेवायला उठवलं तर वसकन् अंगावर आला. त्या माणसाला तरास नव्हता हो, त्याचा तो मान होता! पण हे भुजंगाला कोण सांगणार? तात्याच्या तोंडून तर मेला तरी निघालं नसतं. हिरव्या टोपणाचं पेन त्यानं खुंटीवरच्या पिशवीत टाकलं, ते पुन्हा काही बाहेर काढलं नाही.

तिथून त्याचा जळफळाट सुरू झाला. भुजंगानं स्कूटर घेतली, तर तात्याला आपल्या सायकलची चेन रोज पडतेय असं वाटायला लागलं. भुजंगानं वसमत रोडला घर बांधलं, तर तात्या म्हणाला, ‘दारं लय बारकी केलीत.’ बहात्तरच्या दुष्काळात मोंढा ओस पडला, पाखरू फिरकेना. तात्याला, सांगायलासुद्धा लाज वाटते, आतून गुदगुल्या झाल्या. माल न्हाई तर विक्री न्हाई, विक्री न्हाई तर कर न्हाई, मग वकील काय करतोय बसून? पण कराची प्रकरणं मागल्या वर्षांची चालतात, हे तो रागाच्या भरात विसरला. मोंढ्यात धंदा नव्हता म्हणून व्यापारी मोकळे होते, आणि सगळे जुनी प्रकरणं मिटवायला भुजंगाच्या ओट्यावर बसले होते. तात्या सायकलवरून त्या ओट्याकडं बघत गेला आणि रसवंतीच्या बाकड्याला धडकला.

घरी तर बोलायची सोय नाही. भुजंग सणासुदीला चतुराबाईला भेटायला यायचा, तिच्या पायाशी बसायचा, ‘माय, झुणका कर,’ म्हणायचा. तो गेला की म्हातारी दिवसभर त्याच्याबद्दलच बोलायची.

‘किती मोठा झाला, पर माजलं न्हाई लेकरू.’

‘त्याचं नशीब हाय, माय,’ तात्या ताट सरकवायचा. ‘अक्कल मला बी होती. त्याला पावलंय कायतरी. आपल्याला कोण पावतंय?’

हे तो रोज म्हणायला लागला. जेवताना म्हणायचा, दाढी करताना म्हणायचा. म्हातारी ऐकत राहायची. लेकाच्या गळ्याची हाडं वर आलेली तिला दिसत होती.

मग आणीबाणी आली. तात्याला ठरल्या टायमाला हापिसात हजर राहावं लागू लागलं, आणि तिकडं व्यापारी धाडींच्या भीतीनं भुजंगाच्या दारात उजाडतच उभे राहू लागले. त्याच वर्षी दिवाळीच्या तोंडावर हॉटेलात तात्याच्या कानावर आलं, की बन्सीधर शेठची नवी वही यंदा भुजंग वकिलाच्या हातानं उघडणार.

तात्यानं कपबशी खाली ठेवली. परभणीत राहणाऱ्याला सांगायला नको, की मोंढ्यातलं वर्ष दिवाळीला सुरू होतं. लक्ष्मीपूजनाला नव्या वह्या मांडतात, कुंकवानं स्वस्तिक काढतात, आरती करतात. त्या पाटावर मानाचा माणूस बसवतात. म्हणजे भुजंग बसणार! दीक्षा घेतलेल्या सटवाजीचा पोरगा, विहारात भाषणं ठोकणारा भुजंग, लक्ष्मीला कुंकू लावणार! तात्याला इतका आनंद झाला, की त्यानं हॉटेलवाल्याला सुटे पैसेसुद्धा परत मागितले नाहीत. आता सापडला बेटा, तो मनाशी म्हणाला. आता बघू कोण त्याला डोक्यावर घेतंय.

रविवारी तो झरीला गेला. सिताराम बाबा ओट्यावर दोरी वळत बसले होते. वस्तीत त्यांचा शब्द खाली पडायचा नाही. बाबा एकदा म्हणाले ‘हा आपला न्हाई’, की त्या माणसाला लग्नाकार्यात कुणी पाणी विचारायचं नाही.

‘भुजंग दिवाळीला शेठच्या पेढीवर लक्ष्मी पुजणार हाय, बाबा,’ तात्या म्हणाला. आवाज दुःखी ठेवायचा त्यानं आटोकाट प्रयत्न केला.

‘कुणी सांगितलं?’

‘सारी परभणी बोलायलीय.’

‘परभणी काय बी बोलंल. डोळ्यानं बघतो, मंग बोलतो.’

तात्याला हेच तर पाहिजे होतं. दिवाळीच्या संध्याकाळी बाबा आणि वस्तीतले दोन म्हातारे परभणीच्या स्टँडवर उतरले, तिकिटं तात्यानं काढलेली. सुलाबाई पोरांना घेऊन माहेरी पाथरीला गेलेली, घरी म्हातारी एकटी, तेव्हा तात्याला कुणाला जाब द्यायचा नव्हता. तो पुढं आणि तिघं मागं, असे ते मोंढ्यात शिरले आणि बन्सीधर शेठच्या पेढीसमोर, बंद दुकानाच्या फळीपाशी उभे राहिले.

पेढीवर पांढऱ्याशुभ्र गाद्या, पणत्यांच्या ओळी, लाल कापडात बांधलेल्या वह्यांची चळत. भुजंग आला. काळा कोट, पायातले बूट त्यानं पायरीशी काढले. शेठ उठून उभा राहिला, हाताला धरून त्यानं भुजंगाला लोडाशी बसवलं. मग शेठनं कुंकवाचं तबक उचललं आणि भुजंगासमोर धरलं.

तात्यानं बाबांचं मनगट आवळलं. ‘बघा! बघा, बाबा!’

भुजंगानं हात जोडले आणि तबक हळूच शेठकडं सारलं. त्याचा आवाज रस्त्यापर्यंत आला. ‘शेठजी, हे तुमचं काम. आमी हे छप्पन सालीच सोडलं. तुमची पूजा तुमी करा, मी बसतो. माझं काम मी करीन.’

‘अरे हां, हां! सवयीनं झालं, वकीलसाहेब,’ शेठ कानाला हात लावत म्हणाला. ‘आपलं ठरलं होतं तेच. पूजा माझी, पहिलं अक्षर तुमचं.’

पूजा झाली. मग भुजंगानं नवी वही मांडीवर घेतली, खिशातून पेन काढलं आणि पहिल्या पानावर शेठच्या पेढीचा विक्रीकराचा नोंदणी नंबर लिहिला. ‘हा नंबर ज्या बिलावर नसंल,’ तो म्हणाला, ‘त्या बिलासाठी मी तुमचा वकील न्हाई. सांगून ठेवतो!’ सगळे हसले. शेजारचा अडत्या आपली वही घेऊन आला. म्हणाला, माझ्यावर बी लिहा. त्याच्यामागं किराण्यावाला आला, त्याच्यामागं आणखी कोण कोण. बघता बघता पायरीवर रांग लागली. वाकडं, तिरपं, कोंबडी नाचल्यासारखं ते अक्षर मोंढ्यातली माणसं वहीवर मागून घेत होती आणि शाई वाळेपर्यंत फुंकर घालत होती.

तात्या बघत होता. त्याला रडू येत होतं की राग येत होता, त्याचं त्यालाच कळत नव्हतं. त्या जागी आपला हात असता तर कसं दिसलं असतं ते पान, एवढंच त्याच्या डोक्यात घुमत होतं.

तेवढ्यात भुजंगाची नजर रस्त्यावर गेली. तो अनवाणी खाली धावत आला. ‘जयभीम, बाबा! कधी आलाव? तात्यानं आणलं का तुमाला?’ आणि त्यानं तात्याच्या खांद्यावर हात टाकला. ‘लय झकास केलंस, तात्या. आपलं माणूस एक बी न्हवतं बघ इथं.’

‘बाजार बघाया आलो व्हतो,’ सिताराम बाबा म्हणाले. म्हाताऱ्यानं तात्याला सांभाळून घेतलं, आणि तेही तात्याला झोंबलं. ‘तू तुझं काम कर, लेकरा. माणसं खोळंबलीत.’

चौघं परत निघाले. एस्टीला अवकाश होता. बाबा म्हणाले, ‘तात्या, तुझ्या घरी चा घेऊ. चतुराबाईला बी भेटू.’ तात्यानं मान हलवली. त्याला काय माहीत! दार लोटलेलं होतं. त्यानं ते ढकललं आणि बाजूला सरकला, आधी पाहुण्यांना आत जाऊ दिलं.

आत पाटावर दिवा जळत होता. दिव्यापुढं पितळेचा देवीचा टाक, काळपट पडलेला, वर ताजं हळदीकुंकू. छप्पन साली टोपली नदीला गेली, पण हा एक टाक गेला नव्हता. चतुराबाई हात जोडून बसली होती. आणि टाकाच्या पुढ्यात, व्यापारी वह्या मांडतात तसं, गुळाच्या खड्याशेजारी हिरव्या टोपणाचं पेन ठेवलेलं होतं.

‘माय!’ तात्या ओरडला. ‘हे काय? माय, हे काय केलंस?’

म्हातारी दचकली. तिनं आधी टाकावर पदर घातला, मग सिताराम बाबांना बघितलं आणि पदर काढून घेतला. आता लपवून काय उपयोग, असं तिला वाटलं असावं.

‘चुकलं माजं, बाबा,’ ती म्हणाली. ‘तुमी टोपली मागितली तवा हा एक मागं ठिवला. पेटीतच व्हता, कदी पुजला न्हाई. इमानानं सांगते. पर हा...’ तिनं तात्याकडं हात केला, ‘हा रोज जळायलाय. भुजंगाला पावलं, भुजंगाला पावलं, आपल्याला कोण पावतंय म्हणतो. जेवंना, झोपंना. लेकरू माझ्या डोळ्यादेखत वाळायलंय. मंग मी काय करू? म्हणलं, बघावं इचारून हिला.’

दोघा म्हाताऱ्यांनी माना खाली घातल्या. तात्या दारातच उभा होता. आत यायला पाय उचलेना आणि बाहेर जायलाही उचलेना. सिताराम बाबा त्याच्याकडं वळले.

‘तात्या,’ ते म्हणाले, ‘तूच आणलंस आमाला. आता सांग, वस्तीत जाऊन कुणाचं नाव घेऊ?’

बाबा मग पाटाशी वाकले, दिवा विझवला नाही, टाकाला हात लावला नाही. नुसतं पेन उचललं, धोतराच्या सोग्यानं त्यावरचं कुंकू पुसलं आणि तात्याच्या हातात दिलं. ‘न्हाई घेत कुणाचं,’ ते म्हणाले. ‘माय, चा टाक.’

चतुराबाई चुलीकडं वळली. डोळे पुसत, डबा शोधत, सहज विचारावं तसं तिनं विचारलं, ‘अन् भुजंग काय करायलाय तिकडं मोंढ्यात?’

‘वह्यांवर नंबर लिहायलाय,’ बाबा म्हणाले. ‘रांग लागलीय लोकायची.’

‘लिहायलाय?’ म्हातारी थबकली. चहाचा डबा तिच्या हातात तसाच राहिला. ‘ते कसं काय, बाबा? अक्षर तर माझ्या तात्याचं चांगलं हाय.’

तात्याराव दाराच्या उंबऱ्यावर बसला आणि पेन मुठीत धरून लहान पोरासारखा रडायला लागला.